मोठ्या लेव्हलला न खेळता मोठा कोच होता येतं का? जिम मॅक्लीनचं करिअर नीट बघा

भावा, तुझा प्रश्न असा की तू कोल्हापुरात खालच्या डिव्हिजनला बरेच सीझन खेळलास, आता गुडघा साथ देत नाही, कोचिंगचं डी लायसन्स हातात आहे, पण पोरांना शिकवायला उभा राहिलास की कोणीतरी विचारतंच, "तू स्वतः कुठं खेळलायस?" आणि तुला एक खरं उदाहरण पाहिजे, साधा प्लेयर पुढे मोठा मॅनेजर झाला असं, आणि ते नेमकं कसं झालं ते. शिवाय कोचनं कडक राहावं का, हेही विचारलंयस. मोरिन्योचं नाव सगळेच घेतात, ते नको म्हणालास, बरं केलंस. मी बरीच वर्षं पोरांना कोचिंग करतोय आणि या विषयावर मला ज्याच्याबद्दल बोलायला सगळ्यात आवडतं तो माणूस म्हणजे स्कॉटलंडचा जिम मॅक्लीन, डंडी युनायटेडचा. स्कॉटलंडच्या मोठ्या मॅनेजरांपैकी आपल्याकडे अ‍ॅलेक्स फर्ग्युसन सगळ्यांना माहीत, जॉक स्टीन थोड्यांना माहीत, मॅक्लीन जवळपास कोणालाच नाही, आणि कोचसाठी अभ्यास म्हणून बघितलं तर मला तो या दोघांइतकाच महत्त्वाचा वाटतो.

आधी खेळाडू म्हणून बघू. जन्म १९३७, लार्कहॉल, म्हणजे ग्लासगोच्या खालचा लॅनार्कशायरचा भाग. हातात धंदा सुतारकामाचा, तो रीतसर शिकलेला. १९५६ ला हॅमिल्टन अकॅडमिकलला लागला, हा तेव्हाचा सेकंड डिव्हिजनचा क्लब. इनसाइड फॉरवर्ड म्हणून खेळायचा, म्हणजे आजच्या भाषेत स्ट्रायकरच्या मागचा माणूस. तेव्हा स्कॉटलंडमध्ये खालच्या क्लबांचे बहुतेक प्लेयर पार्ट टाइम असायचे, दिवसभर काम, संध्याकाळी ट्रेनिंग, शनिवारी मॅच. हॅमिल्टननंतर क्लाईड, मग १९६५ ला डंडी एफसी, शेवटी किलमार्नॉक. चौदा वर्षं खेळला, वरच्या डिव्हिजनलाही खेळला, पण स्कॉटलंडचा जर्सी एकदाही मिळाला नाही आणि कोणी त्याला स्टार वगैरे म्हटलं नाही. त्याचा धाकटा भाऊ टॉमी मॅक्लीन खेळाडू म्हणून त्याच्यापेक्षा कितीतरी वरचा, किलमार्नॉककडून लीग जिंकलेला, नंतर रेंजर्सचा विंगर, स्कॉटलंडकडूनही खेळलेला. थोरला भाऊ विलीसुद्धा प्लेयर आणि नंतर मॅनेजर. तिघंही भाऊ मॅनेजर झाले, हे लक्षात ठेव, पुढे एका मॅचमध्ये हे नातं परत येतंय.

१९७० ला बूट ठेवले आणि डंडी एफसीला कोच म्हणून लागला. मॅनेजर नाही, कोच, म्हणजे ट्रेनिंग ग्राउंडवर रोज उभं राहणारा माणूस. दीडेक वर्ष तिथं काम केलं आणि डिसेंबर १९७१ ला शेजारच्या क्लबनं, डंडी युनायटेडनं मॅनेजर म्हणून बोलावलं. शेजारचा म्हणजे अक्षरशः शेजारचा, डेन्स पार्क आणि टॅनडाईस ही दोन स्टेडियमं एकाच रस्त्यावर आहेत, चालत दोन-तीन मिनिटं. डंडी हे गाव म्हणजे एकेकाळी तागाचं मोठं केंद्र, आपल्या बंगालचा ताग तिकडे जायचा आणि तिथल्या गिरण्यांत विणला जायचा, पण १९७० पर्यंत तो धंदा उतरणीला लागलेला. अशा गावात दोन क्लब, आणि दोघांतला युनायटेड हा धाकटा, कमी पैशाचा, मोठी ट्रॉफी एकही न जिंकलेला.

आता इथून पुढे काय केलं ते नीट वाच कारण तुझ्या प्रश्नाचं उत्तर इथंच आहे.

पैसे नव्हते. तयार प्लेयर विकत घेणं शक्य नव्हतं. म्हणून त्यानं शाळकरी पोरांवर जोर लावला, पूर्ण स्कॉटलंडभर स्काउट फिरवले, पोरं चौदा-पंधराची असताना पकडायची आणि स्वतः घडवायची. डेव्हिड नेरी हा डंडीचाच पोरगा, १९७३ ला सीनियर टीमला आला आणि १९७७ ला स्कॉटलंडकडून खेळला, डंडी युनायटेडचा स्कॉटलंडकडून खेळलेला तो पहिला प्लेयर. विचार कर, तोवर क्लबच्या इतिहासात एकही नव्हता. अँडी ग्रे असाच पोरवयात आला, १९७५ ला अ‍ॅस्टन व्हिलाला १ लाख १० हजार पौंडांना विकला. रे स्टुअर्ट १९७९ ला वेस्ट हॅमला ४ लाख ३० हजारांना. या पैशावर क्लब चालला. मग स्टरॉक, डॉड्स, मिल्न, होल्ट, कर्कवुड, ही सगळी क्लबातच घडलेली पोरं. मॉरिस मालपास तर युनिव्हर्सिटीत इलेक्ट्रिकल इंजिनिअरिंग शिकत शिकत पार्ट टाइम खेळायचा, नंतर स्कॉटलंडकडून पन्नासच्या वर मॅच खेळला.

पण नुसती पोरं गोळा करून काही होत नाही, ते आपण इथं बघतोच, गुणी पोरं दर पेठेत आहेत. मला मॅक्लीनचं एक काम फार जवळून बघावंसं वाटतं, ते पॉल हेगार्टीचं. हा प्लेयर १९७४ ला हॅमिल्टनहून आला, मॅक्लीनच्याच जुन्या क्लबातून, आणि आला स्ट्रायकर म्हणून. पुढे मॅक्लीननं त्याला सेंटर हाफ, म्हणजे मधला डिफेंडर, केला आणि नेरीच्या शेजारी उभा केला, आणि ही जोडी पुढची दहा वर्षं युनायटेडचा कणा झाली, दोघंही स्कॉटलंडकडून खेळले. आता हे कोच म्हणून कसं सुचतं ते सांगतो. स्ट्रायकरमध्ये तीन गोष्टी असतील तर तो मागे चालू शकतो. एक, हवेतल्या बॉलवर उडी मारायचं टायमिंग. दुसरं, पाठीला माणूस चिकटलेला असताना पहिला टच, म्हणजे दबावात बॉल न घालवणं, हे सेंटर हाफला बॉल बाहेर काढताना लागतं. तिसरी गोष्ट सगळ्यात मोठी, स्ट्रायकर कुठं पळणार आहे हे त्याला स्ट्रायकर म्हणून आधीच माहीत असतं, कारण त्याच जागा तो स्वतः शोधत आलेला असतो. शिकवावं काय लागतं तर अंतर. कधी चिकटायचं, कधी दोन पावलं सोडायची, लाइन कधी वर न्यायची. ते शेजारी नेरीसारखा शांत आणि वेगवान माणूस असेल तर सोपं जातं, कारण एक चुकला तर दुसरा कव्हर करतो. मी माझ्या पोरांत एखादा उंच स्ट्रायकर गोल मारत नसला की त्याला टीममधून काढायच्या आधी प्रॅक्टिस मॅचमध्ये मागे खेळवून बघतो, ही सवय सरळ इथून घेतलीय, आणि तुलाही सांगतो की हे करून बघ.

आता जो स्वतः टॅलेंटच्या जोरावर वर गेलेला असतो ना, त्याला पुष्कळदा समोरच्याला काय जमत नाही हे कळतच नाही, तो म्हणतो "असं मार ना", संपलं. मॅक्लीनला प्रत्येक गोष्ट स्वतः विचार करून शिकावी लागली होती, पळायला तो फार वेगवान नव्हता, म्हणून जागा आणि वेळ यावरच त्याचा खेळ उभा होता. तेच त्यानं शिकवलं. जुन्या मॅचेसची रेकॉर्डिंग बघ, स्टरॉक बॉल घ्यायला डिफेंडरपासून लांब सरकतो, डिफेंडर त्याच्या मागे ओढला गेला की त्या मोकळ्या जागेत मिल्न किंवा बॅनन घुसतो, हे एकदा नाही, मॅचभर. अशी हालचाल पोरांच्या अंगात आपोआप येत नाही, ती ट्रेनिंगला शंभर वेळा थांबवून, परत उभं करून, परत पळवून आणावी लागते. आणि त्याच्या हाताखालचे बरेच प्लेयर नंतर म्हणालेत की इतकं शिकवणारा दुसरा कोच भेटला नाही.

आता वेळ बघ किती लागला. १९७१ ला आला. १९७४ ला पहिल्यांदा स्कॉटिश कप फायनल, सेल्टिककडून ३-० हरले. १९७५-७६ हा नव्या दहा टीमच्या प्रीमियर डिव्हिजनचा, म्हणजे सगळ्यात वरच्या लीगचा, पहिलाच सीझन, त्यात जवळजवळ खालच्या डिव्हिजनला गेले होते, गोल फरकावर वाचले, आणि खाली गेलं कोण तर शेजारचं डंडी एफसी. म्हणजे पाचव्या वर्षी हा माणूस रेलिगेशनच्या काठावर उभा होता. आजच्या कुठल्याही मालकानं तेव्हाच नारळ दिला असता. युनायटेडच्या डायरेक्टरांनी दिला नाही, आणि माझ्या मते या सगळ्या गोष्टीत त्यांचं श्रेय कमी बोललं जातं. पहिली ट्रॉफी आली डिसेंबर १९७९ ला, लीग कप, फायनलला अ‍ॅबर्डीनशी ०-०, मग रिप्लेला ३-०. समोरच्या बाकावर कोण होता? अ‍ॅलेक्स फर्ग्युसन. म्हणजे आठ वर्षं. पुढच्या वर्षी परत लीग कप, यावेळी फायनल शेजाऱ्यांशीच, डंडी एफसीला ३-० नं हरवलं.

आणि मग १९८२-८३. शेवटच्या आठवड्यांत सेल्टिक, अ‍ॅबर्डीन आणि युनायटेड तिघंही शर्यतीत. एप्रिलमध्ये ग्लासगोला जाऊन सेल्टिकला ३-२ हरवलं, तेही रिचर्ड गॉफला रेड कार्ड मिळून दहा माणसं राहिलेली असताना, विनिंग गोल मिल्नचा. शेवटची मॅच १४ मे १९८३, आणि कुठं? डेन्स पार्कवर, शेजाऱ्यांच्या घरी. जिथं मॅक्लीन स्वतः खेळला आणि जिथं कोच म्हणून पहिली नोकरी केली तेच ग्राउंड. स्टेडियमला २९ हजारांवर माणसं. चौथ्याच मिनिटाला राल्फ मिल्न, आदल्या दिवशीच बावीस वर्षांचा झालेला पोरगा, बॉल घेऊन पळाला आणि लांबूनच कीपरच्या डोक्यावरून चिप केला. मग बॅननची पेनल्टी कीपरनं अडवली, रिबाउंड बॅननंच आत टाकला, २-०. डंडीनं एक गोल परत केला आणि तिथून पुढे तासभर नुसता जीव मुठीत. शिट्टी वाजली तेव्हा युनायटेड ५६ पॉइंट, सेल्टिक आणि अ‍ॅबर्डीन दोघंही ५५. एका पॉइंटनं लीग. सीझनभरात ९० गोल मारले, आणि हे सगळं एवढ्याशा स्क्वाडवर, जेमतेम चौदा-पंधरा माणसं आलटून पालटून. मजा बघ, दोन्ही लीग कप आणि ही लीग, तिन्ही ट्रॉफ्या युनायटेडनं डेन्स पार्कवरच नक्की केल्या. डंडी युनायटेड त्याआधी कधी लीग जिंकलं नव्हतं आणि त्यानंतर आजवर जिंकलेलं नाही.

त्याच वर्षी रेंजर्सनं त्याला मॅनेजर म्हणून बोलावलं, स्कॉटलंडमधली सगळ्यात मोठ्या दोनांपैकी एक नोकरी. तो नाही म्हणाला आणि डंडीतच राहिला. लोक म्हणतात घाबरला. मला तसं वाटत नाही. बारा वर्षं घालून त्यानं जे उभं केलं होतं ते दुसरीकडे उचलून नेता येण्यासारखं नव्हतं, पोरं इथली, स्काउट इथले, आणि घरच्यांनाही डंडी सोडायचं नव्हतं. कोच म्हणून कुठल्या ग्राउंडवर आपलं काम मुरतं हे ओळखणं ही पण समज आहे.

युरोपचं थोडक्यात सांगतो, खरं तर यावर वेगळं लिहायला पाहिजे. १९८४ ला युरोपियन कपच्या, म्हणजे आजच्या चॅम्पियन्स लीगच्या, सेमीफायनलला पोचले, दोन मॅचपैकी पहिलीत, म्हणजे पहिल्या लेगला, टॅनडाईसवर रोमाला २-० हरवलं, परत जाऊन ३-० हरले. नंतर उघड झालं की रोमाच्या अध्यक्षानं त्या मॅचच्या रेफ्रीला लाच द्यायचा प्रयत्न केला होता, यूएफानं, म्हणजे युरोपच्या फुटबॉल संघटनेनं, त्याच्यावर बंदी घातली. मॅचचा निकाल अर्थात तसाच राहिला. १९८७ ला यूएफा कप, क्वार्टर फायनलला बार्सिलोना, ज्यात लिनेकर आणि मार्क ह्यूज होते. घरी १-०, गॅलाकरचा गोल. मग कँप नाऊवर आधी एक गोल खाल्ला आणि शेवटच्या काही मिनिटांत क्लार्क आणि इयन फर्ग्युसननं दोन मारले, २-१. युनायटेड बार्सिलोनाशी आतापर्यंत चार ऑफिशियल मॅच खेळलंय, दोन १९६६ ला आणि दोन या, आणि चारही जिंकलंय! सेमीफायनलला मग मोनशेनग्लाडबाखला त्यांच्या घरी जाऊन हरवलं. फायनलला गोथेनबर्गकडून एकूण २-१ नं हरले, आणि हरल्यावर टॅनडाईसच्या लोकांनी उभं राहून स्वीडनच्या टीमसाठी टाळ्या वाजवल्या, त्याबद्दल फिफानं फेअर प्लेचा पुरस्कार दिला.

त्या फायनलच्या दोन लेगच्या मधे, दुसऱ्या लेगच्या चार दिवस आधी, स्कॉटिश कपची फायनल होती, ती पण हरले, सेंट मिरनकडून एक्स्ट्रा टाइममध्ये १-०. आणि ही मॅक्लीनच्या करिअरमधली सगळ्यात दुखरी जागा. १९७४, ८१, ८५, ८७, ८८, ९१, सहा वेळा स्कॉटिश कप फायनल, सहाही हरले. ८५ आणि ८८ ला सेल्टिकविरुद्ध आधी स्वतः १-० पुढे असताना २-१ हरले, ८८ चा गोल तर अगदी शेवटी खाल्ला. आणि १९९१ ला समोर मदरवेल, त्यांचा मॅनेजर कोण तर टॉमी मॅक्लीन, धाकटा भाऊ. ४-३, एक्स्ट्रा टाइम, धाकटा जिंकला. त्या फायनलच्या थोडेच दिवस आधी त्यांचे वडील गेले होते. मी ती मॅच रेकॉर्डिंगवर बघितलीय, दोघं भाऊ आपापल्या बाकासमोर उभे, आणि मला स्कोअरपेक्षा तेच लक्षात राहिलंय.

आता दुसरी बाजू, कारण तू विचारलंयस की कडक राहावं का. मॅक्लीन भयंकर कडक होता. नुसता शिस्तीचा नाही, रागाचा. जिंकलेल्या मॅचनंतरसुद्धा ड्रेसिंग रूममध्ये आरडाओरडा, दंड, बेसिक पगार कमी आणि बोनस मोठा म्हणजे पोरं कायम हातात, आणि तरुण पोरांना फार लांबलचक कॉन्ट्रॅक्टमध्ये बांधून ठेवायचं, त्यातून सुटका नाही. पुढे प्लेयर्सनी यावर उघड तक्रारी केल्या, काहींचे संबंध कायमचे तुटले. मी या माणसाला फार मानतो पण हे मला पटत नाही आणि पटवून घेणारही नाही. लोक म्हणतात तो कडक होता म्हणून जिंकला. चूक. जिंकला तो हेगार्टीला मागे उभा केल्यानं, पोरं दहा वर्षं सांभाळल्यानं, त्या रोजच्या ट्रेनिंगनं. ज्या नजरेला प्रत्येक चूक दिसायची तीच नजर मॅच संपल्यावरही बंद व्हायची नाही, एवढाच त्या दोन गोष्टींचा संबंध. ड्रेसिंग रूममधला आरडाओरडा हा त्या नजरेचा खर्च होता, आणि तो पोरांनी भरला. १९९३ ला त्यानं मॅनेजरपद सोडलं, जवळजवळ बावीस वर्षं झाल्यावर, चेअरमन म्हणून राहिला. २००० साली एका हरलेल्या मॅचनंतर मुलाखत घेणाऱ्या टीव्ही पत्रकारावर हात उचलला आणि त्याच दिवशी राजीनामा द्यावा लागला. इतकं काम केलेल्या माणसाचं क्लबातलं शेवटचं चित्र ते व्हावं याचं मला खरंच वाईट वाटतं. २०२० च्या डिसेंबरमध्ये गेला, शेवटची वर्षं डिमेन्शियानं काढली.

त्याच्या हाताखालून पुढे किती कोच निघाले बघ. वॉल्टर स्मिथ, स्वतः टॅनडाईसचा साधा प्लेयर, तिथं मॅक्लीनचा असिस्टंट झाला आणि पुढे रेंजर्सला लीगच्या लीग जिंकून दिल्या. स्टरॉक मॅनेजर झाला, मालपास झाला, हेगार्टी झाला. १९८२ च्या वर्ल्ड कपला जॉक स्टीननं असिस्टंट म्हणून याच मॅक्लीनला नेलं होतं, आणि त्याच वर्ल्ड कपला ब्राझीलविरुद्ध स्कॉटलंडचा एकमेव गोल कोणी मारला, तर टॅनडाईसच्या डेव्हिड नेरीनं. नंतर चार खाल्ले ते सोड.

तर "तू कुठं खेळलायस" याला तोंडानं उत्तर द्यायच्या भानगडीत पडू नकोस. मॅक्लीनला डंडीत लोकांनी हेच ऐकवलं असणार, डेन्स पार्कचे प्रेक्षक तो प्लेयर असतानाही त्याच्यावर फार खूश नव्हते. तुझ्याकडे आत्ता जी अंडर फोर्टीनची पोरं आहेत ती तीन वर्षं सोडू नकोस, टीम बदलू नकोस, कुणी सीनियर टीमचा असिस्टंट हो म्हणाला तरी थांब. प्रत्येक पोराची एक वही कर, काय जमतं, काय जमत नाही, कुठल्या जागी अजून खेळवून बघितलं नाही. गुडघा परवानगी देईल तेवढं स्वतः करून दाखव, बाकी थांबवून, उभं करून समजाव. आणि सी लायसन्सचा फॉर्म निघाला की भर, त्यात ट्रेनिंग सेशन आखून स्वतः घेऊन दाखवावं लागतं, तिथं खेळाडू म्हणून तुझं नाव किती मोठं होतं याला मार्क नसतात. सेशन आखताना अडलास तर मला पाठव, बघून सांगतो.